तिला ‘नको’ म्हणणं परवडलं पाहिजे

भाऊ, तुमचं पत्र दोनदा वाचलं. इतरांनाही कळावं म्हणून ओळख पटेल असं काही न ठेवता आधी थोडक्यात सांगते. तुम्ही सत्तावीस वर्षांचे, गाव चोपडा तालुक्यात, नोकरी चाकणला. दिवाळीनंतर साखरपुडा झाला. मुलगी तेवीस वर्षांची, अमळनेरकडची, बी.एड. करते. लग्न आखाजीनंतर, म्हणजे अक्षय्य तृतीयेनंतर. साखरपुड्यानंतर पंधरा दिवसांत तुम्ही तिच्या मोबाइलचा पासवर्ड मागून घेतला, लाइव्ह लोकेशन सुरू करून घेतलं आणि तिचं व्हॉट्सअॅप तुमच्या लॅपटॉपला जोडलं. मागच्या महिन्यात घरच्यांना सांगून दोघं मोटरसायकलनं पाटणादेवीला गेलात. परतताना रानातल्या रस्त्यावर गाडी थांबवून तुम्ही तिला जवळ ओढलंत. ती म्हणाली, “नको, कोणी बघेल.” तुम्ही म्हणालात, “इथं कोण येतंय?” मग ती गप्प झाली आणि तुम्ही थांबला नाहीत. चुंबन घेतलंत, मिठीत धरून ठेवलंत. त्या दिवसापासून ती फोनवर ‘हं’ आणि ‘बरं’ एवढंच बोलते. तुमचा प्रश्न असा: “ताई, ती नाही म्हणाली नव्हती. आणि होणारी बायकोच आहे. माझं खरंच चुकलं का?”

हो, चुकलं. हे आधीच स्पष्ट सांगते, म्हणजे पुढचं वाचताना तुम्ही सुटकेची वाट शोधत बसणार नाही. पण तुम्ही विचारलंत, याची मला किंमत आहे. बावीस वर्षं मी धुळ्यात आणि जळगावात जोडप्यांशी बोलते आहे. माझ्यासमोर येणाऱ्या पुरुषांपैकी बहुतेकांना बायकोनं किंवा पोलिसांनी आणून बसवलेलं असतं. स्वतःहून ‘माझं चुकलं का’ म्हणणारे फार थोडे.

ती ‘नाही’ म्हणाली नव्हती, असं तुम्ही लिहिता. भाऊ, ती म्हणाली होती. “नको, कोणी बघेल” यातला पहिला शब्द ‘नको’ आहे. तुम्ही ‘कोणी बघेल’ला उत्तर दिलंत आणि ‘नको’ तसाच सोडून दिलात. आपल्याकडच्या मुली नुसतं ‘नको’ म्हणत नाहीत, त्याला एक कारण जोडतात, समोरच्याला लागू नये म्हणून. उशीर होतोय. आई वाट बघत असेल. डोकं दुखतंय. आज नको. लग्नानंतर बघू. ही सगळी कारणं नकाराला घातलेल्या चिंध्या आहेत, जड भांडं खाली ठेवताना आवाज होऊ नये म्हणून घालतो तशा. आणि पुरुष काय करतो? एकेक कारण खोडत जातो. उशीर होतोय तर गाडी जोरात चालवू, आई वाट बघते तर फोन करून सांग. कारणं संपली की ती गप्प होते, आणि त्या गप्प होण्याला तो होकार समजतो.

असं का होतं, याचा मी पुष्कळ विचार केलाय. मला वाटतं, यात आपल्या आग्रहाचा मोठा वाटा आहे. आपण खान्देशी माणसं वाढण्यात हात आखडत नाही. पंगतीत पाहुण्यानं ताटावर हात आडवा धरला तरी बाजूनं अर्धा मांडा सारतोच. भरिताच्या पार्टीत शेतात बसलेला माणूस ‘पुरे’ म्हणाला की त्याच्या पानात हमखास आणखी एक पळी पडते. ‘नको’ ऐकून खरंच थांबलेल्या यजमानाला आपण चिकट म्हणतो. चार वर्षांचा मुलगा हे बघतो. मोठ्यांचं ‘नको’ म्हणजे आणखी आग्रह करायचा, हे त्याच्या मनात पक्कं बसतं. पंगतीत ते गोडही वाटतं, कारण पाहुण्याला फार तर पानात टाकून उठावं लागतं. अंगाशी केलेल्या आग्रहात मात्र टाकून उठायची सोय नसते. तुम्ही वाईट मनाचे आहात असं मी म्हणत नाही. ताटाची सवय तुम्ही माणसाला लावलीत.

आता त्या रस्त्याचा तिच्या बाजूनं विचार करा. पाटणादेवी चाळीसगावपासून पंधरा-वीस किलोमीटर आत, गौताळा अभयारण्याच्या रानात. दुपार टळलेली. गाडीची चावी तुमच्या खिशात. ती रागावून चालू लागली असती तर गेली असती कुठे? तुम्ही चिडून तिला तिथंच सोडलं असतं तर? तुम्ही तसे नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे. तिला चार महिन्यांच्या ओळखीत ते कसं ठाऊक असणार? पुढचा हिशेबही तिच्या डोक्यात असणारच. साखरपुड्याला दोनशे माणसं जेवून गेली, बापानं कपाशीच्या पैशांतून खर्च केला. उद्या ‘जमत नाही’ असं मुलाकडून आलं तर गावात बोट कोणाकडे जाईल? मोडलेल्या साखरपुड्याचा डाग मुलावर महिनाभर राहतो. मुलीच्या मागे तो प्रत्येक स्थळाबरोबर फिरतो. मध्यस्थ नव्या पाहुण्यांना आधी तेच सांगतो. घरी आई, काकू, वहिनी सगळ्या एकच शिकवतात, ‘त्याचं मन मोडू नको.’ अशा ठिकाणी उभ्या असलेल्या मुलीला ‘नको’ म्हणणं किती महाग पडतं, ते पाहा. तरीही ती एकदा म्हणाली. तेवढ्यासाठी तिनं किती बळ एकवटलं असेल.

माझं सगळं म्हणणं यावर उभं आहे. ज्याला ‘नको’ म्हणणं परवडत नाही, त्याच्या ‘हो’ला काही वजन नसतं. शेतमजूर मालकाला उचल घेतलेल्या दिवशी ‘उद्या येतो ना मालक’ म्हणतो, त्या ‘येतो’मध्ये त्याची खुशी किती असते? जोडप्यातही ज्याची बाजू वरचढ, त्यानं समोरच्याचं ‘नको’ स्वस्त करून द्यायचं असतं. मग जो होकार मिळतो, त्यावर संसार उभा राहतो.

आणि गप्प राहण्याबद्दल. भीतीनं माणूस ओरडतो, हात झटकतो, पळतो, असं आपण धरून चालतो. पण पुष्कळांचं शरीर त्या क्षणी थिजतं. शब्द फुटत नाही, हातपाय जड होतात, मन कुठेतरी बाजूला जाऊन उभं राहतं. ते ठरवून होत नाही. माझ्याकडे आलेल्या कितीतरी बायका वर्षानुवर्षं स्वतःलाच विचारत राहतात, ‘मी ओरडले का नाही?’ आपल्याच राज्यात या गप्प राहण्याची फार मोठी किंमत मोजली गेली आहे. १९७२ साली देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात मथुरा नावाच्या एका आदिवासी मुलीवर पोलिसांनी अत्याचार केला. खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि आरोपी सुटले. तिच्या अंगावर जखमा नाहीत, तिनं प्रतिकार केल्याचं दिसत नाही, म्हणून तिची संमती असावी, असं धरलं गेलं. १९७९ मध्ये कायद्याच्या चार प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना उघडं पत्र लिहून विचारलं की निमूट सहन करणं आणि संमती देणं यात काही फरकच नाही का? देशभर बायका रस्त्यावर आल्या आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. पुढे २०१३ च्या दुरुस्तीत संमतीची व्याख्याच लिहिली गेली, आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत कलम ६३ मध्ये ती तशीच आहे: संमती म्हणजे स्पष्ट, स्वेच्छेनं, त्या विशिष्ट कृतीला शब्दांनी किंवा खुणेनं दिलेली तयारी. स्त्रीनं अंगानं प्रतिकार केला नाही, एवढ्यावरून तिची संमती होती असं धरता येत नाही. ती व्याख्या बलात्काराच्या कलमातली आहे. तुमच्या हातून घडलं ते त्या पायरीचं नाही, हे मी जाणते. तरी संमती कशाला म्हणायचं, याचं माप मला तिच्याहून नेमकं कुठे सापडलेलं नाही. ‘त्या विशिष्ट कृतीला’ हे शब्द पुन्हा वाचा. तुमच्या मागे गाडीवर बसायला ती तयार झाली, म्हणजे गाडी थांबवून जवळ ओढायला तयार झाली असं होत नाही.

‘होणारी बायकोच आहे’ हे तर मी इतक्या वेळा ऐकलंय की आता ऐकून वाईट वाटतं. लहानपणी आखाजीला माहेरी आलेल्या आत्या, मावश्या दुपारी लिंबाच्या झोक्यावर बसायच्या. गाणी म्हणून दमल्या की हळू आवाजात बोलायच्या, आम्ही पोरी कान देऊन ऐकायचो. लग्नानंतरच्या पहिल्या दिवसांबद्दल एक आत्या म्हणाली होती, “माले कोन इचारस व माय?” बाकीच्या हसल्या. ती हसली नव्हती. तिला तेव्हा तीन मुलं होती आणि नवरा गावात भला माणूस म्हणून ओळखला जायचा. तो खरंच भला होता. विचारायचं असतं, हे त्याला कोणी सांगितलं नव्हतं. तुम्हाला मी सांगते आहे.

लग्नानंतरचा कायदा तुम्ही विचारला नाहीत, तरी सांगते. अठरा वर्षांवरच्या बायकोवर नवऱ्यानं केलेल्या जबरदस्तीला आपली न्याय संहिता अजून बलात्कार म्हणत नाही. माझ्या मते ही मोठी उणीव आहे. पण २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात लैंगिक छळ स्पष्ट लिहिलेला आहे आणि तिथं नवरा असणं ही सबब चालत नाही. तेव्हा लग्नाचा दाखला म्हणजे कायमची परवानगी, असं कोणी तुम्हाला सांगत असेल तर ते तिथंही टिकत नाही.

आता मोबाइलकडे येते. तुम्ही ते पत्रात ओझरतं लिहिलंय, जणू त्यात काही विशेष नाही. मला ते पाटणादेवीइतकंच महत्त्वाचं वाटतं, कारण तिची ‘नको’ची किंमत तिथूनच वाढायला लागली. तिनं पासवर्ड दिला तेव्हा तुम्ही काय म्हणाला होतात? ‘लपवण्यासारखं काही नसेल तर द्यायला काय हरकत?’ असंच काहीतरी. या प्रश्नाला नकार देताच येत नाही, कारण नकार हाच गुन्ह्याचा पुरावा ठरतो. असा प्रश्न विचारून मिळवलेली वस्तू मागून घेतलेली नसते, काढून घेतलेली असते.

काही वर्षांपूर्वी एक मुलगी माझ्याकडे आली होती. तिच्या होणाऱ्या नवऱ्याकडे तिचं लोकेशन असायचं. एकदा ती बसस्टँडजवळच्या मेडिकलमध्ये पाळीच्या गोळ्या घ्यायला थांबली, तर पाच मिनिटांत फोन: “स्टँडवर काय करतेस? कोणाबरोबर आहेस?” दुकानात चार पुरुष उभे, ती काय सांगणार? दुसऱ्या आठवड्यापासून ती मोबाइल कॉलेजात मैत्रिणीच्या पर्समध्ये ठेवून बाहेर जायला लागली. जायची कुठे, तर स्टेशनरीच्या दुकानात, मावशीकडे. लपवण्यासारखं तिच्याकडे आधी काहीच नव्हतं. पाळत ठेवल्यानं ती लपवायला शिकली. पुढे ते त्याला कळलं, त्यानं तेच बेइमानीचं कारण धरलं आणि सोयरीक मोडली. दोघांनाही मी भेटले. तो रडत होता. त्याला खरंच वाटत होतं की तो काळजी करत होता.

काळजी आणि पाळत यांतला फरक ओळखायची माझी एक साधी खूण आहे: माहिती मिळाल्यावर तुम्ही काय करता? ‘बस मिळाली का’ विचारून, मिळाली कळल्यावर निवांत झालात, तर काळजी. मिळाली कळल्यावर ‘मग एवढा उशीर का’ असा दुसरा प्रश्न सुटला, तर पाळत. कायदाही याकडे हलक्यानं बघत नाही. स्त्रीच्या इंटरनेट, ई-मेल किंवा मेसेजच्या वापरावर लक्ष ठेवणं न्याय संहितेच्या कलम ७८ मध्ये पाठलागाच्या गुन्ह्यात येतं, पहिल्या दोषसिद्धीला तीन वर्षांपर्यंत कैद आहे. तुम्हाला घाबरवण्यासाठी सांगत नाही. ज्याला तुम्ही ‘एवढंच तर’ म्हणता, ते एवढंसं नाही हे कळावं म्हणून.

तुम्ही चोपड्याचे, म्हणजे सातपुडा तुमच्या दारात. होळीआधी तिथं आदिवासींचे भोंगऱ्याचे बाजार भरतात तेव्हा आपल्या सपाटीवरची पोरं मोबाइल घेऊन वर जातात, तिथं पोरी रंग लावून पळून जातात असं कुणीतरी सांगितलेलं असतं. तो होळीच्या खरेदीचा बाजार आहे, आदिवासी कार्यकर्ते हे सांगून सांगून थकले. ढोलावर नाचणारी मुलगी नाचते आहे, एवढाच तिचा होकार आहे. तिचा फोटो काढायला तिनं होकार दिलेला नाही. पत्रात तुम्ही फोटोंचा उल्लेख केला नाहीत, पण तुमच्या मोबाइलमध्ये तिचे एकांतातले फोटो असतील तर ते काढायला ती तयार होती म्हणून दुसऱ्याला दाखवायला तयार आहे असं होत नाही. मित्राला ‘फक्त बघ’ म्हणून दाखवणंसुद्धा नाही. कलम ७७ मध्ये हे वेगळं स्पष्ट केलेलं आहे.

आता काय करायचं? तुम्ही लिहिलंय, ‘तिला एखादी साडी घेऊन जाऊ का?’ नको. साडी घेऊन गेलात तर तिला ती घ्यावी लागेल, घेतली की हसावं लागेल, आणि हसली की तुम्हाला वाटेल मिटलं. तिच्या डोक्यावर आणखी एक देणं चढेल.

आधी लॅपटॉप उघडा आणि तिचं व्हॉट्सअॅप काढून टाका. मग तिला एक मेसेज पाठवा, लांबलचक नको: मी जोडणी काढली आहे, तू मोबाइलमध्ये ‘लिंक्ड डिव्हाइस’ तपासून घे, लोकेशन बंद कर, पासवर्ड बदल आणि नवा मला सांगू नकोस. एवढंच लिहा. ‘आता तरी बोलशील ना’ असं शेपूट जोडू नका.

माफी समोरासमोर मागा, पण भेटीची जागा तिनं ठरवू द्या. तिला तिच्या घरी, शेजारच्या खोलीत वहिनी असताना भेटायचं असेल तर तसं. बरोबर मैत्रीण आणायची असेल तर आणू दे. भेटायचंच नसेल तर फोनवर, आणि फोनवरही नको असेल तर लिहून. बोलताना घडलेल्या गोष्टीचं नाव घ्या. ‘त्या दिवशी जे झालं ते’ असं गुळगुळीत बोलू नका, ते आपोआप झालं नव्हतं. म्हणा, “तू नको म्हणाली होतीस. मी ऐकलं नाही. तू गप्प झालीस ते मी माझ्या सोयीनं घेतलं. चूक माझी आहे.” यानंतर ‘पण’ येऊ देऊ नका. ‘पण माझं प्रेम आहे म्हणून’ हे वाक्य जिभेवर आलं तर गिळा. ‘माफ केलंस ना?’ असंही विचारू नका, कारण त्या प्रश्नालाही तिला ‘हो’च म्हणावं लागेल. ती रडली तर रडू द्या, डोळे पुसायला हात पुढे करू नका. ती रागावली तर मला उलट बरं वाटेल. माणूस रागावतो तिथं त्याला थोडं सुरक्षित वाटत असतं.

आणि मग सगळ्यात अवघड गोष्ट. तिला सांगा की तिला लग्न पुढे ढकलायचं असेल किंवा हे नातं नकोच असेल, तर ती तसं म्हणू शकते, आणि दोन्ही घरांना सांगायचं काम तुम्ही कराल. मुलीला नाव न ठेवता. ‘माझी तयारी नाही, चूक माझ्याकडून आहे’ असं तुम्ही तुमच्या वडिलांना, तिच्या वडिलांना आणि मध्यस्थाला सांगाल, आणि त्यांचा खर्च झालाय त्यातलं जे द्यायचं ते द्याल. हे खरंच करायची तयारी नसेल तर तिला म्हणू नका. शब्द देऊन फिरलात तर पुन्हा कोणाच्या शब्दावर विश्वास ठेवणं तिला जड जाईल. तुम्हाला भीती वाटेल की ती खरंच ‘नको’ म्हणेल. म्हणू शकते. मी अशी दोन्ही टोकं पाहिली आहेत. एका मुलीनं नातं थांबवलं आणि त्या मुलानं सगळं स्वतःवर घेतलं. दुसरीनं लग्न सहा महिने पुढे नेलं, त्या काळात दोघं महिन्यातून एकदा माझ्यासमोर बसून बोलायचे. आज ती दोघं नाशिकला आहेत. तुमचं काय होईल ते मी सांगू शकत नाही, आणि ते तुमच्या हातात ठेवायला मी सांगतही नाही आहे.

पुढे नातं राहिलं तर विचारायची सवय लावून घ्या. पुष्कळ पुरुष मला म्हणतात, ‘ताई, दरवेळी अर्ज करायचा का?’ संमती हा शब्द आपल्याकडे कागदावर सही करतानाच ऐकू येतो, म्हणून तसं वाटतं. घरातले शब्द वापरा की. ‘हात धरू?’ ‘जवळ बसू?’ ‘मन आहे का?’ माझ्याकडे येणारी एक बाई सांगते, तिचा नवरा केळीच्या बागेतून रात्री उशिरा येतो आणि अंथरुणावर टेकताना विचारतो, “आज थकेल शे का?” तिनं हो म्हटलं की तो पाठ फिरवून झोपतो आणि सकाळी तोंड फुगवून बसत नाही. हे शेवटचं फार मोलाचं आहे. ‘नको’ ऐकल्यावर तासभर अबोला धरला, तर पुढच्या वेळी ती ‘नको’ म्हणायच्या आधी त्या अबोल्याचा हिशेब करते. आणि होकार दिल्यानंतर मध्येच तिचं मन फिरलं, अंग आखडलं, हात थंड पडला, तर तिथं थांबायचं. आधीचं ‘हो’ तेव्हा संपलेलं असतं.

मर्यादा तुम्हालाही आहेत, हे विसरू नका. तिनं तुमचा मोबाइल तपासावा, तुम्ही मित्रांना सोडावं, आईशी बोलणं कमी करावं, यातलं काही तुम्हाला नको असेल तर तुम्हीही म्हणू शकता. ‘फोन उचलला नाहीस तर जिवाचं बरंवाईट करीन’ या धमकीनं अडकलेली मुलंही माझ्याकडे येतात. तिथं धमकी खरी मानायची, घरच्या मोठ्यांना लगेच सांगायचं आणि १४४१६ या टेलिमानस क्रमांकावर मदत घ्यायची. नातं मात्र धमकीवर चालवायचं नाही.

आणि तुमच्या होणाऱ्या बायकोसारखी कुणी हे वाचत असेल तर तिला: बाई, तू गप्प राहिलीस म्हणून तुझी चूक होत नाही. १८१ हा महिलांसाठीचा मोफत क्रमांक आहे, तातडीला ११२. मोबाइल किंवा फोटोवरून त्रास असेल तर १९३०. जिल्ह्याच्या ठिकाणी सखी वन स्टॉप सेंटर आहे, तिथं तक्रार न नोंदवताही नुसतं बोलता येतं. आईला सांगणं जड वाटत असेल तर आत्या, मावशी, एखाद्या शिक्षिकेपासून सुरुवात कर.

भाऊ, तुम्ही लिहिलंय की पुढच्या महिन्यात दोन्हीकडची माणसं बस्ता घ्यायला जळगावला जाणार आहेत. हे बोलणं त्याच्या आधी होऊ द्या. बस्ता घेतला गेला, पत्रिका छापल्या गेल्या, की तिचं ‘नको’ आणखी महाग होईल. या रविवारी सुट्टी असेल तर तिला विचारा, बोलायची इच्छा आहे का, आणि कुठे. ती नाही म्हणाली तर ‘बरं’ म्हणा आणि फोन ठेवा.